एकच सुट्टी पंधरा हजार वेळा

मुलांनो, समजा उद्या सकाळी तुम्ही उठलात आणि बघता तर काय, आजचाच दिवस पुन्हा उजाडलेला! आई त्याच शब्दांत हाका मारतेय, शेजारचा कुत्रा त्याच वेळी भुंकतोय, डब्यात तीच मेथीची भाजी अन् फळ्यावर तीच तारीख. परवा उठलात तरी तेच. तेरवाही तेच. आणि गंमत म्हणजे हे फक्त तुम्हाला कळतंय, बाकी कुणालाच नाही. काय कराल मग?

मी फुलंब्री तालुक्यातल्या एका जिल्हा परिषद शाळेत चौथीच्या वर्गाला शिकवते. हा प्रश्न मी वर्गात विचारला तेव्हा मागच्या बाकावरून लगेच उत्तर आलं, "मॅडम, रविवार असला तर चालंल!" दुसरा म्हणाला, "सोमवार असला तर मी उठणारच नाही." तिसरीने मात्र जरा डोकं चालवलं. "कालच्या चाचणीतले प्रश्न आज मला आधीच माहीत असतील. मग पैकीच्या पैकी!"

कार्टून करणाऱ्यांनाही हा प्रश्न फार आवडतो. काळाच्या फेऱ्यात अडकलेल्या मित्रांच्या कितीतरी हसवणाऱ्या गोष्टी त्यांनी केल्या आहेत. गोष्ट कुठलीही असो, दोन प्रश्न त्यात असतातच. पहिला, हे अडकले कसे? आणि दुसरा, सुटणार कसे? पहिल्या प्रश्नाचं उत्तर बहुतेक वेळा जादू नाहीतर यंत्र असं असतं. दुसऱ्याचं उत्तर मात्र नीट बघण्यासारखं असतं, बरं का.

आधी आपला डोरेमॉन घेऊ. आमच्या वर्गात डोरेमॉन ठाऊक नाही असं एकही लेकरू नाही. फुजिको एफ. फुजिओ या जपानी चित्रकाराने १९७०च्या सुमारास त्याला मुलांच्या मासिकांत आणलं, आणि आता तो आमच्या वस्तीवरच्या टीव्हीतही हिंदी बोलतो. त्याच्या एका गोष्टीत नोबिताचा गृहपाठ राहिलेला असतो. (नेहमीप्रमाणे!) रात्र झालेली. नोबिता डोरेमॉनच्या गळ्यात पडतो. डोरेमॉन काय करतो? टाइम मशीनमध्ये बसून दोन तासांनंतरच्या स्वतःला घेऊन येतो. मग चार तासांनंतरच्या, सहा तासांनंतरच्या आणि आठ तासांनंतरच्याही. झाले पाच डोरेमॉन! पाच जण बसले म्हणजे काम चुटकीसरशी होईल, असा त्याचा हिशेब. पण पुढच्या वेळेतून आलेले हे डोरेमॉन आधीच वैतागलेले. का, ते शेवटी कळतं. गृहपाठ उरकून बिचारा आडवा होतो न होतो, तोच दोन तासांपूर्वीचा तोच त्याला न्यायला हजर! चल, गृहपाठ कर. तो करून परत येतो, तर पुन्हा बोलावणं.

पोरं हसून हसून लोळली. मला मात्र त्या गोष्टीत एक हिशेब दिसला. पाच जण कामाला बसले, पण कष्ट पडले एकालाच. पाच डोरेमॉन म्हणजे पाच सोबती नव्हेत. एकच जण पाच वेळा राबला. हा हिशेब ध्यानात ठेवा, पुढे लागणार आहे.

दुसरी गोष्ट तुमच्या आईबाबांच्या ओळखीतल्या मंडळींची. १९९०च्या दशकात दूरदर्शनवर 'डकटेल्स' लागायचं. त्यातली ह्युई, ड्युई आणि लुई ही तीन बदकपिल्लं त्यांना विचारा, लगेच आठवतील. १९९९ साली डिस्नेने नाताळच्या गोष्टींचा एक चित्रपट काढला, त्यातल्या एका गोष्टीत ही तिघं रोज नाताळच असावा अशी इच्छा धरतात. ती खरी होते! पहिले काही दिवस चंगळ. रोज भेटवस्तू, रोज मेजवानी. मग कंटाळा येतो. मग कंटाळा घालवायला खोड्या. शेवटी त्यांच्या लक्षात येतं की, इतक्या वेळा सण आला, पण आपण घरच्यांकडे एकदाही धड पाहिलं नाही. मग ते ठरवतात की हा दिवस आपल्यासाठी नाही, घरच्यांसाठी छान करायचा. आणि दुसऱ्या दिवशी खरोखरच दुसरा दिवस उजाडतो. ही कल्पना तशी जुनी आहे. विल्यम डीन हॉवेल्स या अमेरिकन लेखकाची रोजच्या नाताळची गोष्ट १८९२ साली पुस्तकात आली होती.

आता तुम्ही म्हणाल, ही सगळी परदेशातली खुळं. नाही हो! आपल्याकडचा फेरा तर बिनयंत्राचा आहे आणि तो प्रत्येक आजीला येतो. कापूसकोंड्याची गोष्ट! आमच्याकडे कपाशी वेचताना बायका अजूनही ओटीत बोंडं टाकता टाकता कडेच्या पोरांना विचारतात, कापूसकोंड्याची गोष्ट सांगू का? पोरगं म्हणतं, हो. लगेच उत्तर, हो काय म्हणतोस, कापूसकोंड्याची गोष्ट सांगू का? नको म्हणा, तरी तेच. रडा, तरी तेच. गप्प बसा, तर गप्प का बसलास म्हणून तेच. तुम्ही जे बोलाल ते उचलून ती तुमच्यावरच उलटवणार. लहान पोर चिडतं, मग खिदळतं. आणि एक दिवस तेच पोर आपल्या धाकट्या भावाला अडवून विचारतं, कापूसकोंड्याची गोष्ट सांगू का? झालं, सुटलं ते! ज्याला फेरा कळला, त्याला तो दुसऱ्यावर फिरवता येतो.

आम्ही वर्गात याचा खेळही केला. पाच जणांनी मधल्या सुट्टीनंतर वर्गात यायचं. एकाने चप्पल काढायची, दुसऱ्याने पाणी प्यायचं, तिसरी म्हणणार, "मॅडम, ह्याने मला चिमटा घेतला." टाळी वाजली की सगळं पहिल्यापासून, अगदी तसंच. फक्त दर वेळी एका गोष्टीत बदल करायचा. दुसऱ्या फेरीला कुणी हसलं नाही. चौथ्या फेरीला ज्याने चिमटा घ्यायचा त्याने हात जोडून माफी मागितली, आणि वर्ग जो फुटला म्हणता! तेव्हा मुलांना उमगलं, नुसतं तेच ते आलं तर हसू येत नाही. तेच ते येत असताना एक काहीतरी बदलतं, तेव्हा हसू येतं.

खरं तर चालत्या चित्रांचा जन्मच फेऱ्यात झाला आहे. बेल्जियममधले शास्त्रज्ञ जोसेफ प्लेटो यांनी १८३२ साली एक गोल चकती केली. कडेने माणसाची चित्रं, प्रत्येक चित्रात पाय थोडा पुढे. चित्रांच्या मधे बारीक फटी. चकती आरशासमोर धरायची, गरगर फिरवायची आणि मागच्या बाजूने फटीतून आरशात बघायचं. चित्रातला माणूस नाचू लागतो! पण चकती गोल, त्यामुळे त्याचा नाच संपतच नाही. शेवटच्या चित्रानंतर पुन्हा पहिलं. पुढे सिनेमा आला, पडद्यावर सेकंदाला २४ चित्रं धावू लागली. हाताने इतकी चित्रं काढायची म्हणजे केवढं काम! म्हणून कार्टूनवाल्यांनी युक्ती काढली. चालण्याची थोडी चित्रं काढायची आणि तीच पुन्हा पुन्हा वापरायची. कार्टूनमधला बोका पळताना त्याच्या मागे तीच खिडकी, तोच दिवा, पुन्हा तीच खिडकी येताना तुम्ही कधी पाहिलं नाहीत? आता नीट बघा. तो बोका फेऱ्यातच पळत असतो.

आता तिसरी गोष्ट, आणि हीच मला सांगायची होती. पुण्यात शिकणाऱ्या माझ्या भाच्याने मला ही जपानी मालिका दाखवली. तिचं नाव 'द मेलन्कली ऑफ हारुही सुझुमिया'. हायस्कुलातले पाच सोबती. हारुही ही त्यांची म्होरकी, कमालीची हट्टी. तिच्या अंगात एक अजब शक्ती आहे, पण ते तिचं तिलाच माहीत नाही. ऑगस्ट महिना, उन्हाळ्याच्या सुट्टीचे शेवटचे दोन आठवडे. हारुही यादीच करते. पोहायला जायचं, किडे पकडायचे, जत्रा बघायची, फटाके उडवायचे. सगळं होतं. सुट्टी संपायला येते तेव्हा तिला मनातून वाटतं, काहीतरी राहिलं! काय राहिलं, ते तिला सांगता येत नाही. पण तेवढ्या वाटण्याने काळ मागे फिरतो. पुन्हा १७ ऑगस्ट! आणि कुणाला काही आठवत नाही.

२००९ साली ही गोष्ट टीव्हीवर दाखवली, तेव्हा तिचे किती भाग केले असतील? आठ! एका पाठोपाठ आठ आठवडे जवळजवळ तीच गोष्ट. आणि जुनी चित्रं पुन्हा चिकटवून नव्हे हं, प्रत्येक भाग नव्याने काढलेला, नव्याने बोललेला. कपडे वेगळे, बाकी तेच. बघणारे पार वैतागले. आपणच फेऱ्यात अडकलो की काय, असं त्यांना झालं. शेवटच्या भागातली ती सुट्टी किती वेळा झालेली असते ठाऊक आहे? १५,५३२ वेळा!

हा आकडा मी फळ्यावर लिहिला आणि म्हटलं, दोन आठवडे म्हणजे १४ दिवस, करा गुणाकार. बोटं, वह्या, खोडरबर सगळं कामाला लागलं. २,१७,४४८ दिवस. त्याला ३६५ने मी भागून दाखवलं, कारण एवढा मोठा भागाकार चौथीला झेपत नाही. ५९५ वर्षं आणि वर काही महिने. शिवाजी महाराजांचा जन्म १६३०चा, त्याला अजून ४०० वर्षंही झाली नाहीत. "म्हणजे शिवाजी महाराजांच्याही आधीपासून सुट्टीच चालू?" एकाने डोळे विस्फारून विचारलं. दुसरा हळूच म्हणाला, "अन् शाळा एक दिवस पण नाही?"

त्या पाच जणांत एक अबोल मुलगी आहे, युकी नागातो. ती साधी मुलगी नाही, दूर अंतराळातल्या कुणीतरी तिला नुसतं निरीक्षण करायला घडवलेलं आहे. तिला मात्र सगळं आठवतं. पंधरा हजार पाचशे बत्तीसच्या बत्तीस वेळा! विचारलं तर सांगते, आपण होऊन बोलत नाही. कोपऱ्यात बसून पुस्तक वाचते.

आणि सुटका कशी होते? क्योन नावाचा मुलगा गोष्ट सांगत असतो. दर वेळी अगदी शेवटच्या क्षणी त्याला वाटतं, आता काहीतरी बोललं पाहिजे. पण काय, ते सुचत नाही, आणि फेरा फिरतो. शेवटच्या वेळी तो ओरडून सांगतो की माझा सुट्टीचा गृहपाठ राहिलाय! उद्या सगळे माझ्या घरी या, मिळून करू. हारुहीचा स्वतःचा गृहपाठ केव्हाच झालेला असतो, पण ती येते. पाच जण एका खोलीत वह्या उघडून बसतात. आणि १ सप्टेंबर उजाडतो! सगळी मौज करून झाली होती, राहिलं होतं ते एवढंच, कुणाचं तरी अडलेलं काम सगळ्यांनी मिळून करणं. आठवा बरं आपला हिशेब. एकच डोरेमॉन पाच वेळा बसला तर त्याची दमछाक झाली. पाच जण एकदाच बसले, तर काळ पुढे सरकला.

मी ही गोष्ट सांगून संपवली आणि विचारलं, "ह्यांच्यात सर्वांत जास्त त्रास कुणाला झाला?" बहुतेकांनी क्योनचं नाव घेतलं. एक मुलगी, जी वर्गात क्वचितच बोलते, ती म्हणाली, "जिला सगळं आठवत होतं तिला." मी कारण विचारलं. ती म्हणाली, "मॅडम, मला बी तसंच होतं. दरवर्षी दिवाळीपर्यंतच पुस्तक होतं. मग परत पहिल्यापासून."

वर्ग गप्प झाला. कारण ती काय म्हणते ते सगळ्यांना कळत होतं. तिचे आईवडील ऊसतोडीला जातात. मराठवाड्यातून हजारो कुटुंबं दसरा-दिवाळीच्या सुमारास पश्चिम महाराष्ट्रात नाहीतर कर्नाटकात जातात, आणि साखर कारखान्यांचा हंगाम संपला की उन्हाळ्याच्या तोंडाशी परततात. आमच्या भागातलीही काही त्यांत असतात. नवराबायकोच्या जोडीला तिकडे 'एक कोयता' म्हणतात. मुकादमाकडून आधी उचल घ्यायची, ती हंगामभर राबून फेडायची, आणि घर चालवायला पुन्हा उचल घ्यायची. तोही एक फेराच आहे, पण त्याला कुणी हसत नाही. मागे राहणाऱ्या मुलांसाठी हंगामी वसतिगृहाची सोय असते. तरी हिला जावंच लागतं, कारण धाकट्या भावाला कोपीपाशी सांभाळायला कुणी नसतं.

तिची पुस्तकं मी त्या दिवशी पुन्हा पाहिली. पहिली अर्धी पानं कोपरे दुमडलेली, हाताळून मऊ झालेली. दिवाळीनंतरची पानं कोरी करकरीत, नव्या पुस्तकाचा वास अजून तसाच. जून ते ऑक्टोबर ती वर्गात पुढे असते. पण गणितातला मोठा भागाकार आम्ही शिकवतो तो दिवाळीनंतर, आणि दरवर्षी नेमका तोच तिचा राहतो. पुढच्या जूनला नवा वर्ग, पण मागचं रिकामं ते रिकामंच.

आमच्याच महाराष्ट्रातली एक खरी हकिगत मी दुसऱ्या दिवशी वर्गाला सांगितली. दादासाहेब फाळके, जन्म त्र्यंबकेश्वरचा. १९१३ साली त्यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला हे तुम्ही वाचलंच असेल. त्याच्याआधी, १९१२ साली, त्यांनी एक छोटीशी फिल्म केली होती. नाव 'अंकुराची वाढ'. कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा ठेवला आणि रोज एकच चित्र घेतलं. महिनाभराहून अधिक काळ रोज तेच काम! तीच कुंडी, तोच कॅमेरा, तेच एक चित्र. बाहेरून बघणाऱ्याला वाटलं असेल, हा माणूस फेऱ्यात अडकला. पण ती चित्रं पडद्यावर सलग धावली तेव्हा बघता बघता दाण्यातून अंकुर वर आला, पानं फुटली, वेल डुलायला लागला.

मी विचारलं, "प्लेटोच्या चकतीतला माणूस अन् फाळक्यांचा वाटाणा, दोघांत फरक काय?" बराच वेळ कुणी बोललं नाही. मग एक जण म्हणाला, "चकतीतला पहिल्या जागी परत येतो. वाटाणा कालच्यापासून पुढं जातो."

एवढंच तर आहे सगळं. रोज तेच पाढे, तीच प्रार्थना, तोच रस्ता, याला फेरा म्हणायचं नाही. काल जे झालं ते आज शिल्लक असेल, तर ती वाढ. कालचं पुसून टाकलं जातं, तेव्हा फेरा.

मग कालचं शिल्लक ठेवायचं कसं? ही युक्ती माझी नाही, मुलांची आहे. त्यांनी तिच्या नावाची एक वही घातली. ती दिवाळीनंतर गेली तशी रोज एकाची पाळी लागली. त्या दिवशी जे शिकवलं त्यातलं एक उदाहरण पायऱ्यांसकट लिहायचं, खाली एक उदाहरण तिच्यासाठी मोकळं सोडायचं. शनिवारी मी त्या पानांचे फोटो तिच्या आईच्या फोनवर पाठवत असे. कधी जात, कधी तिकडे रेंज नसे. कधी आठवडाभर उत्तर नाही, मग एकदम सहा उदाहरणांचे फोटो, कडेला धाकट्या भावाचं बोट आलेलं.

एप्रिलमध्ये ती परत आली. आता जादू झाली असं मी सांगणार नाही. दोन अंकी संख्येने भागायचं ती शिकली आहे, मधे शून्य आलं की अजून अडते. तिची उचल फिटलेली नाही, पुढच्या दिवाळीला तिला पुन्हा जावं लागेल बहुधा. पण जूनमध्ये ती पाचवीत बसली तेव्हा तिच्याकडे भरलेली वही होती, सव्वीस जणांच्या सव्वीस अक्षरांतली. आणि हो, उदाहरणं लिहिणाऱ्यांचाही भागाकार पक्का झाला. एरवी तीन वेळा समजावूनही ज्याला कळत नव्हतं, त्याने तिला कळावं म्हणून पायऱ्या लिहिल्या, तर त्याचं त्यालाच कळलं.

पालकहो, मुलं तेच कार्टून पुन्हा पुन्हा बघतात म्हणून आपण कावतो. एकदा शेजारी बसून बघा. मुलाला पुढचं वाक्य पाठ असतं, आणि ते आलं की तो तुमच्याकडे बघून हसतो. त्याला माहीत असलेलं तुम्हालाही कळलं का, हे तो बघत असतो. आणि त्याला विचारा, हे अडकले कसे आणि सुटणार कसे? उत्तर ऐकून तुम्हीच चकित व्हाल.

आणि मुलांनो, तुमच्याही वर्गात असं कुणीतरी असेल. तापाने पंधरा दिवस घरी राहिलेलं, मधेच दुसऱ्या गावाहून आलेलं, नाहीतर हंगामाबरोबर जाणारं. ते बहुधा आपण होऊन बोलणार नाही, कोपऱ्यात बसून राहील. त्याला जाऊन विचारा, तुझं कुठपर्यंत झालंय? आणि मग तिथून पुढचं पान दोघं मिळून उघडा. हारुहीच्या मंडळींना हे सुचायला पाचशे पंच्याण्णव वर्षं लागली. तुम्हाला एक मधली सुट्टी पुरेल.